साठवणीतील घट आणि दशांश वजाबाकी

गव्हाच्या पोत्यात सोंडकिडे दिसले की किड्यांनी किती धान्य खाल्ले, हा प्रश्न उपस्थित होतो. उत्तर बहुधा अंदाजाने दिले जाते. वास्तविक ही अज्ञात संख्या साध्या वजाबाकीने मिळते. मात्र अंकांची मांडणी अचूक हवी.

समजा, साठवणीच्या वेळी पोत्याचे वजन वगळून गहू ५०.०० किलो होता. सहा महिन्यांनी चाळल्यावर गहू ४६.८५ किलो आणि किड्यांसह भुगा ०.९ किलो भरला. बेरीज करताना ०.९ मधील ९ हा अंक शतांशस्थानच्या ५ खाली लिहिला जाण्याची चूक सहज होते. मग ९०० ग्रॅमचे ९० ग्रॅम होतात आणि घट ०.८१ किलोने फुगते. दशांशचिन्हाखाली दशांशचिन्ह ठेवून ०.९० लिहावे. बेरीज ४७.७५ येते.

आता ४७.७५ मध्ये किती मिळवल्यास ५०.०० होतील? शतांशस्थानी ० मधून ५ वजा होत नाहीत. दशांश व एकक स्थानीही शून्यच असल्याने थेट दशकाकडे जावे लागते. ५ दशकांपैकी एक सुटा केल्यास ४ दशक, ९ एकक, ९ दशांश व १० शतांश मिळतात. मूल्य तेच राहते. वजाबाकी २.२५ किलो. ताळा: ४७.७५ + २.२५ = ५०.००.

ही सर्व घट किड्यांच्या माथी मारणे मात्र अन्यायाचे ठरेल. साठवताना ओलावा १२ टक्के असल्यास ५० किलोत ४४ किलो शुष्क पदार्थ असतो. ओलावा १० टक्क्यांवर आला, तर एकही किडा नसताना वजन ४४ ÷ ०.९० = ४८.८९ किलो भरते. म्हणजे ५०.०० − ४८.८९ = १.११ किलो केवळ पाणी उडाले. उरलेली घट ४८.८९ − ४७.७५ = १.१४ किलो. भुगाही खाण्यास निरुपयोगी, म्हणून त्याचे ०.९० मिळवता किडीमुळे झालेले नुकसान २.०४ किलो ठरते. ओलावामापकाची नोंद दोन्ही वेळा आवश्यक आहे, ती यासाठीच.

सोंडकिड्याची मादी दाणा पोखरून आत अंडे घालते व छिद्र बुजवते. अळी आतच वाढते. चाळणी तिला पकडत नाही आणि काटा तिला गहू म्हणूनच मोजतो. अनुकूल हवामानात सुमारे महिन्याभरात पिढी पूर्ण होत असल्याने, त्यानंतर पुन्हा चाळून वजन करावे.