गुरुदेव रानडे : विद्या आणि साक्षात्कार

कागलाहून कोल्हापुराकडे जातांना हमरस्त्यापासून जवळच कणेरीचा सिद्धगिरी मठ लागतो. आमच्यापैकीं पुष्कळांनीं तो पाहिलेला आहे. या मठाचे विसाव्या शतकांतील अधिपति काडसिद्धेश्वर महाराज हे सिद्धरामेश्वर महाराजांचे शिष्य होते, आणि सिद्धरामेश्वरांचे गुरु उमदीचे भाऊसाहेब महाराज होत. उमदी हें गांव सांगली जिल्ह्यांतील जत तालुक्यांत आहे. याच भाऊसाहेबांचे दुसरे एक शिष्य मोठे पंडित आणि प्राध्यापक होऊन गेले. ते म्हणजे रामचंद्र दत्तात्रेय रानडे होत. लोक त्यांना आदरानें गुरुदेव रानडे म्हणतात. आज आम्ही त्यांच्या चरित्राचा थोडा विचार करणार आहों.

रानडे यांचा जन्म ३ जुलै १८८६ रोजीं जमखंडी येथें झाला. हें गांव तेव्हां संस्थानाची राजधानी होतें. आज तें कर्नाटक राज्यांत आहे. घरीं मराठी आणि भोंवतीं कानडी, अशा वातावरणांत ते वाढले. १९०१ सालीं, वयाच्या पंधराव्या वर्षीं, त्यांनीं भाऊसाहेबांकडून नाम घेतलें. त्या वेळीं त्यांच्या मनांत मोठा वैराग्यभाव होता असें मात्र नाहीं. परीक्षेंत यश मिळावें, हीच त्या मुलाची इच्छा होती. १९०२ सालीं मॅट्रिकच्या परीक्षेंत त्यांना संस्कृतची जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ति मिळाली. मागितलें तें मिळालें!

येथें आपण क्षणभर थांबूं या. परीक्षेच्या दिवशीं सकाळीं देवापुढें हात जोडून जाणारे विद्यार्थी आपल्या गांवांतही आहेत, आणि त्यांना तसें सांगणारे आईबापही आहेत. त्यांत लाज वाटण्यासारखें कांहीं नाहीं. प्रश्न एवढाच, कीं निकाल लागल्यावर त्या हात जोडण्याचें काय होतें?

रानडे पुण्यास डेक्कन कॉलेजांत शिकले आणि १९०७ सालीं पदवीधर झाले. पुढें १९०९ च्या सुमारास त्यांना कठीण आजारानें गांठलें. शरीर खंगलें. ज्या बुद्धीच्या बळावर बक्षिसें मिळविलीं, ती बुद्धि अशा वेळीं कितीशी उपयोगी पडणार? या संकटांत त्यांचें नामस्मरण निराळें झालें. पूर्वीं नाम हें यशाचें साधन होतें. आतां देवाचें दर्शन हेंच साध्य ठरलें. शरीर त्यांचें पुढेंही अशक्तच राहिलें, परंतु अभ्यास त्यांनीं सोडला नाहीं. ही गोष्ट आमच्या मतें फार महत्त्वाची आहे. १९१४ सालीं ते तत्त्वज्ञान हा विषय घेऊन एम्. ए. झाले आणि पुण्यास फर्ग्युसन कॉलेजांत शिकवूं लागले. उपनिषदांबरोबर ग्रीक तत्त्वज्ञांचाही त्यांनीं मुळापासून अभ्यास केला. १९२४ सालीं ती नोकरी सोडून ते विजापुराजवळ निंबाळ येथें राहूं लागले. तीन वर्षांनीं, पंडित गंगानाथ झा कुलगुरु असतां, अलाहाबाद विश्वविद्यालयानें त्यांना बोलाविलें. तेथें १९४६ पर्यंत त्यांनीं तत्त्वज्ञान शिकविलें.

१९२६ सालीं त्यांचा उपनिषदांवरील इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध झाला, आणि १९३३ सालीं ‘मिस्टिसिझम इन महाराष्ट्र’ हा ग्रंथ बाहेर पडला. या दुसऱ्या ग्रंथांत त्यांनीं आपल्या संतांची पांच प्रकारें मांडणी केली आहे. ज्ञानेश्वरांचा साक्षात्कार बुद्धीच्या वाटेचा. नामदेव व त्यांच्या सोबत्यांचा सर्व लोकांचा, कारण त्यांत शिंपी, कुंभार, माळी, चोखामेळ्यासारखे अस्पृश्य मानले गेलेले भक्त, सारे होते. एकनाथांचा प्रपंच व परमार्थ यांचा मेळ घालणारा. तुकारामांचा जीवाच्या तळमळीचा. आणि रामदासांचा कर्माचा. शिवाय संतांचीं वचनें विषयवार लावून त्यांनीं मराठींत ‘ज्ञानेश्वरवचनामृत’ आदि पुस्तकें सिद्ध केलीं. युरोपांतील ख्रिस्ती संतांचे अनुभवही त्यांनीं आपल्या संतांच्या शेजारीं ठेवून पाहिले. देवाचा प्रत्यक्ष अनुभव ही सर्व देशांतील माणसांची समाईक ठेव आहे, अशी त्यांची खात्री होती. हिंदी संतांवरील त्यांचा ग्रंथ १९५४ सालीं निघाला. कानडी संतांवरील ग्रंथ त्यांच्या पश्चात् प्रसिद्ध झाला.

येथें एक शंका कोणी घेईल. अनुभव तर ज्याचा त्यालाच कळतो; मग पंडिताचें तेथें काय काम? रानडे यांच्या आयुष्यांतच याचें उत्तर आहे. आपला अनुभव खरा कीं मनाचा खेळ, हें एकट्यानें ठरवितां येत नाहीं. म्हणून तो इतर थोरांच्या अनुभवाशीं ताडून पाहावा लागतो, आणि त्यासाठीं ग्रंथ, भाषा व विचार यांचे कष्ट घ्यावे लागतात. निवृत्तीनंतर निंबाळच्या आश्रमांतही त्यांचें नाम आणि त्यांचें अध्ययन दोन्ही चालूच होतें. तेथेंच ६ जून १९५७ रोजीं त्यांनीं देह ठेवला.

विद्यार्थी बंधुभगिनींनो, परीक्षेसाठीं देवाकडे गेलेला एक मुलगा पुढें देवासाठींच जन्मभर अभ्यास करीत राहिला. पालकांनाही आमची एक विनंती आहे. मुलाचा निकाल विचारतांना, यंदा तुला खरोखर आवडलें तें काय, हेंही एकदां विचारावें. त्या उत्तरांतच पुष्कळदां पुढच्या आयुष्याचें बीज असतें.