भिंतीवरची रेघ

[रत्नागिरी जिल्ह्यातील चिपळूण शहराला २००५ आणि २०२१ साली मोठ्या पुरांना तोंड द्यावे लागले. वाढते शहर संकटातून काय शिकते आणि पुढच्या संकटासाठी कशी तयारी करते, याची माहिती प्रस्तुत पाठात दिली आहे.]

चिपळूण हे रत्नागिरी जिल्ह्यातील एक जुने व्यापारी शहर आहे. पूर्वेला सह्याद्रीच्या उंच रांगा, मधून वाहणारी वाशिष्ठी नदी आणि पश्चिमेला दाभोळची खाडी, अशी या शहराची जागा आहे. एके काळी गलबते माल घेऊन खाडीतून गोवळकोट बंदरापर्यंत येत. तेथून तो माल कुंभार्ली घाटाने देशावर जाई. नदी होती म्हणून बंदर झाले आणि बंदर होते म्हणून बाजारपेठ वसली. ज्या नदीची आज भीती वाटते, तिनेच हे शहर वसवले आहे.

पुढे काळ बदलला. गलबते गेली आणि मोटारी आल्या. मुंबई-गोवा महामार्गामुळे रहदारी वाढली. जवळच खेर्डी येथे औद्योगिक वसाहत उभी राहिली. १९९८ साली कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावू लागली. कामधंदा, शिक्षण आणि दवाखाना यांसाठी आसपासच्या गावांतील कुटुंबे चिपळूणला राहायला आली. २०११ च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या सुमारे पंचावन्न हजार होती. माणसे वाढली की घरेही वाढतात. पूर्वी ज्या सखल जागी पावसाळ्यात पाणी पसरत असे, तेथे भराव घालून इमारती उभ्या राहिल्या. माणसांना जागा मिळाली, पण पाण्याची जागा कमी झाली.

चिपळूणकरांना पुराचे पाणी नवे नाही. पाणी चढू लागले की दुकानदार खालचा माल वरच्या फळीवर किंवा माळ्यावर ठेवतात आणि पाणी ओसरण्याची वाट पाहतात. परंतु जुलै २००५ मध्ये ही सवय अपुरी पडली. २६ जुलैला मुंबईत सांताक्रूझ येथे एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. त्यामुळे तो दिवस म्हटला की सर्वांना मुंबई आठवते. पण त्याच वेळी चिपळूणही पाण्याखाली होते. पाणी ओसरले, तेव्हा घराघरांच्या भिंतींवर चिखलाची एक रेघ उरली. पाणी कोठपर्यंत आले होते, हे ती रेघ सांगत होती.

लोकांनी घरे धुतली, भिंतींना रंग दिला. रेघ पुसली गेली. हळूहळू पुराची आठवणही पुसट झाली. जी मुले २००५ नंतर जन्मली, त्यांनी तर ती रेघ पाहिलीच नव्हती.

त्यानंतर सोळा वर्षांनी, २२ जुलै २०२१ रोजी, पुन्हा महापूर आला. रात्रभर पाऊस कोसळत होता. लोक झोपेत असतानाच पाणी वाढू लागले. सकाळी पाहतात तो बाजारपेठ, एस. टी. स्थानक आणि वस्त्या पाण्यात बुडालेल्या! काही भागांत पाणी पहिल्या मजल्यापर्यंत पोहोचले. वीज गेली. मोबाइल बंद पडले. वाशिष्ठीवरील जुन्या पुलाचे नुकसान झाले आणि महामार्ग तुटला. त्यामुळे बाहेरून येणाऱ्या बचाव पथकांनाही शहरात पोहोचायला वेळ लागला. तो कोविडचा काळ होता. पाणी शिरलेल्या एका रुग्णालयातील काही रुग्ण दगावले.

त्या दिवशी माणसांनी एकमेकांना वाचवण्याची शिकस्त केली. कोणी दोराच्या आधाराने शेजाऱ्यांना गच्चीवर घेतले, तर कोणी होडी घेऊन गल्लीबोळांत शिरले. एस. टी. आगाराच्या व्यवस्थापकांनी आगाराची रोख रक्कम सांभाळत बसच्या टपावर कित्येक तास काढले. पुढे पाणी उतरल्यावर रत्नागिरी, खेड, दापोली, गुहागर अशा ठिकाणांहून लोक अन्न, पाणी आणि कपडे घेऊन आले. चिखल उपसताना कोणी कोणाची जात विचारली नाही, की धर्म विचारला नाही.

पण नुकसान फार मोठे होते. व्यापाऱ्यांचा माल गेला, हिशेबाच्या वह्या गेल्या. मुलांची पुस्तके आणि दाखले भिजले. चिपळूणचे लोकमान्य टिळक स्मारक वाचन मंदिर हे १८६४ साली स्थापन झालेले ग्रंथालय आहे. २००५ च्या पुरात त्याची हानी झाली होती. लोकांनी ते पुन्हा उभे केले. २०२१ मध्ये पाणी पुन्हा आत शिरले आणि पुस्तकांचा चिखल झाला. टेबल नवे घेता येते, पण जुने दुर्मीळ पुस्तक कोठून आणायचे?

असा पूर का आला? त्याला एकच कारण नव्हते. पहिले कारण म्हणजे डोंगरात आणि शहरात एकाच वेळी झालेली अतिवृष्टी. दुसरे कारण समुद्राचे. चिपळूणजवळ नदीला उतार फार थोडा आहे आणि भरतीचे पाणी खाडीतून गोवळकोटपर्यंत येते. २२ जुलैला पौर्णिमा दोनच दिवसांवर होती, म्हणजे ते उधाणाचे दिवस होते. वरून आलेल्या पाण्याला पुढे जायला वाट मिळेना. तिसरे कारण गाळाचे. अनेक वर्षे डोंगरातून वाहून आलेला गाळ वाशिष्ठीत आणि शहरातून वाहणाऱ्या शिव नदीत साचला होता. पातेल्याच्या तळाशी वाळू भरली, तर त्यात पाणी किती मावणार?

याशिवाय वाशिष्ठीला आणखी एक पाणी येऊन मिळते. सह्याद्रीपलीकडील कोयना धरणाचे पाणी बोगद्यांतून पोफळीला आणून त्यावर वीज तयार करतात. मग ते पाणी कोळकेवाडी धरणात येते. तेथेही वीज तयार होते आणि शेवटी ते पाणी वाशिष्ठीत सोडले जाते. म्हणूनच पावसाळ्यात धरण सांभाळणारे आणि शहर सांभाळणारे यांचा एकमेकांशी सतत संपर्क असावा लागतो.

पुरानंतर चिपळूणकर नुसते रडत बसले नाहीत. नदीतील गाळ काढावा, यासाठी त्यांनी डिसेंबर २०२१ मध्ये साखळी उपोषण केले. शासनाने मागणी मान्य केली आणि दोन्ही नद्यांतील गाळ काढण्याचे काम सुरू झाले. नाम फाउंडेशन या संस्थेनेही त्या कामाला हातभार लावला. मात्र गाळ एकदा काढून भागत नाही. डोंगर उघडे पडले, की दर पावसात नवी माती खाली येते. म्हणून नदी साफ ठेवणे आणि डोंगरावरची झाडे राखणे, ही दोन्ही कामे बरोबरच करावी लागतात.

दुसरे काम नकाशावरचे आहे. जलसंपदा विभाग नदीच्या दोन्ही काठांवर दोन पूररेषा आखतो, एक निळी आणि दुसरी लाल. या रेषांचा थोडा खुलासा करू. सरासरी पंचवीस वर्षांतून एकदा येणारा पूर जेथपर्यंत पोहोचतो, ती निळी रेषा. सरासरी शंभर वर्षांतून एकदा येणारा पूर जेथपर्यंत पोहोचतो, ती लाल रेषा. नदी आणि निळी रेषा यांच्यामध्ये नवे बांधकाम करू नये आणि निळ्या व लाल रेषांमध्ये ते विशेष अटींवरच करावे, असा नियम आहे. पण येथे एक चूक टाळली पाहिजे. ‘पंचवीस वर्षांतून एकदा’ याचा अर्थ, एकदा पूर आला की पंचवीस वर्षे निश्चिंत झोपावे, असा नाही. दर वर्षी असा पूर येण्याची शक्यता शंभरात चार असते. तो लागोपाठ दोन वर्षेही येऊ शकतो.

चिपळूणचा बराचसा भाग या रेषांच्या आत येतो. मग तेथे राहणाऱ्यांनी काय करावे? शहर काही उचलून दुसरीकडे नेता येत नाही. लोकांची घरे, दुकाने आणि पोट त्याच जागेवर आहे. हा प्रश्न सोपा नाही. नियम कडक असावा, असे एकाला वाटते. आपले घर वाढवू द्यावे, असे दुसऱ्याला वाटते. दोघांचेही ऐकून मार्ग काढणे, हेच नगरपालिकेचे आणि नागरिकांचे काम आहे. जुन्या जागेतही काही बदल करता येतात. नवी इमारत खांबांवर उचलून तळमजला मोकळा ठेवता येतो. रुग्णालयाचे जनित्र व औषधे आणि कार्यालयाची कागदपत्रे वरच्या मजल्यावर नेता येतात.

तिसरे काम वेळेवर इशारा देण्याचे आणि तो ऐकण्याचे. चिपळूणला वाशिष्ठीची इशारा पातळी ५ मीटर आणि धोका पातळी ७ मीटर आहे. पाणी पहिल्या खुणेला लागले की सामान हलवावे. दुसऱ्या खुणेची वाट पाहू नये. हवामान खातेही हिरवा, पिवळा, नारिंगी आणि लाल अशा चार रंगांत पावसाची सूचना देते. लाल रंग म्हणजे आता विचार नको, कृती हवी.

इशारा ऐकल्याने काय साधते, हे आपल्याच जिल्ह्याने पाहिले आहे. ३ जून २०२० रोजी ‘निसर्ग’ चक्रीवादळ रायगड जिल्ह्याच्या किनाऱ्यावर आले. दापोली आणि मंडणगड तालुक्यांत नारळी-पोफळीच्या बागा आडव्या झाल्या, घरांची छपरे उडाली. परंतु सूचना आधी मिळाल्यामुळे मच्छीमारांनी होड्या बंदरात आणल्या होत्या आणि किनाऱ्यावरील अनेक कुटुंबे सुरक्षित जागी गेली होती. झाडे पुन्हा लावता येतात. गेलेला माणूस परत आणता येत नाही.

प्रत्येक गावाचे संकट वेगळे असते. रत्नागिरीत मिऱ्याच्या किनाऱ्यावर समुद्राच्या लाटा जमीन गिळतात. डोंगराच्या पायथ्याच्या वाड्यांना दरडीची भीती असते. आपल्या गावाला कशाचा धोका आहे, हे त्या गावातल्या मुलामुलींना ठाऊक असले पाहिजे. सर्वांत जवळची उंच व पक्की इमारत कोणती? घरात चालता न येणारी आजारी किंवा म्हातारी माणसे किती? दाखले आणि औषधे कोठे ठेवली आहेत? या प्रश्नांची उत्तरे पाणी दारात आल्यावर शोधता येत नाहीत. पुराची तयारी पावसाळ्यात नव्हे, उन्हाळ्यात करायची असते.

भिंतीला रंग जरूर द्यावा. घर पुन्हा सुंदर दिसलेच पाहिजे. पण चिखलाची ती रेघ एका कोपऱ्यात तरी राहू द्यावी आणि तिच्याजवळ तारीख लिहून ठेवावी. ती रेघ घाबरवण्यासाठी नाही. आपल्यानंतर त्या घरात राहणाऱ्यांना, पाणी येथवर आले होते, एवढे सांगण्यासाठी ती आहे.

शब्दार्थ

गलबत – शिडाचे मोठे जहाज. देश – सह्याद्रीच्या पूर्वेकडील प्रदेश. सखल – खोलगट, कमी उंचीची (जमीन). भराव – खोलगट जागेत टाकलेली माती व दगड. ओसरणे – (पाणी) हळूहळू कमी होणे. टप – बसचे छप्पर. दगावणे – मरण पावणे. उधाण – समुद्राची मोठी भरती. गाळ – पाण्याच्या तळाशी बसलेली माती. जनित्र – वीज तयार करणारे यंत्र. दरड – डोंगराचा कोसळणारा भाग.

ओळखीचे शब्द, वेगळे अर्थ

शहर, बाजार, जिल्हा, इमारत, नुकसान हे शब्द उर्दूत आणि मराठीत सारख्याच अर्थाने येतात. पुढील शब्दांचे मात्र तसे नाही.
इशारा – उर्दूत खूण किंवा संकेत. या पाठात धोक्याची आगाऊ सूचना.
शिकस्त – उर्दूत पराभव. मराठीत ‘शिकस्त करणे’ म्हणजे पराकाष्ठेचा प्रयत्न करणे.
खुलासा – उर्दूत सारांश, मराठीत स्पष्टीकरण.

स्वाध्याय

प्र. १. एका वाक्यात उत्तरे लिहा :
(१) चिपळूणची बाजारपेठ कशामुळे वसली?
(२) चिपळूणमधील ग्रंथालय केव्हा स्थापन झाले?
(३) वाशिष्ठीची धोका पातळी किती आहे?
(४) पुराची तयारी केव्हा करायची असते?

प्र. २. चार-पाच वाक्यांत उत्तरे लिहा :
(१) २०२१ च्या महापुराची कारणे सांगा.
(२) निळी रेषा आणि लाल रेषा यांतील फरक स्पष्ट करा.
(३) ‘निसर्ग’ वादळाच्या वेळी इशाऱ्याचा काय उपयोग झाला?

प्र. ३. कारणे लिहा :
(१) गाळ एकदाच काढून भागत नाही.
(२) २०२१ मध्ये बचाव पथकांना शहरात पोहोचायला वेळ लागला.

प्र. ४. वाक्यांत उपयोग करा :
तोंड देणे, शिकस्त करणे, हातभार लावणे, मार्ग काढणे.

प्र. ५. ‘म्हणून’, ‘पण’, ‘की’ यांपैकी योग्य शब्द घालून वाक्ये पूर्ण करा :
(१) माणसांना जागा मिळाली, ....... पाण्याची जागा कमी झाली.
(२) नदी होती ....... बंदर झाले.
(३) पाणी चढू लागले ....... दुकानदार माल वर ठेवतात.

उपक्रम : तुमच्या घरातील किंवा शेजारच्या वडीलधाऱ्या माणसांना विचारा – गावात मोठा पूर, वादळ किंवा दरड केव्हा आली? पाणी कोठपर्यंत आले होते? लोक कोठे गेले? मिळालेली माहिती मराठीत दहा ओळींत लिहून वर्गात वाचून दाखवा.