टक्केवारी हाताची की कमाईची?

रस्ते अपघातातील जखमी कामगाराच्या वैद्यकीय प्रमाणपत्रावर अपंगत्वाची टक्केवारी नोंदविली जाते. पुष्कळदा तीच उत्पन्नहानीची टक्केवारी मानली जाते आणि दावेदाराचे नुकसान तेथूनच सुरू होते. सर्वोच्च न्यायालयाने राजकुमार विरुद्ध अजयकुमार या खटल्यात 2010 साली हा भेद स्पष्ट केला. डावा हात गमावलेल्या वाहनचालकाची वा सुताराची कमाई जवळजवळ पूर्ण बुडते. कारकुनाची नोकरी मात्र टिकूही शकते.

मासिक 12,000 रुपये मिळविणाऱ्या 34 वर्षांच्या ट्रकचालकाचे उदाहरण घेऊ. सरला वर्मा निर्णयानुसार (2009) त्याच्या वयोगटाचा गुणक 16. वार्षिक 1,44,000 गुणिले 16 म्हणजे 23,04,000 रुपये. प्रमाणपत्रावरील 60 टक्केच धरले, तर 13,82,400. संपूर्ण कमाई बुडाल्याचे सिद्ध झाल्यास पूर्ण रक्कम. औषधोपचार, वेदना इत्यादींची भरपाई निराळी.

हे सिद्ध करण्याचा भार दावेदारावर असतो. त्यासाठी उपचार करणाऱ्या डॉक्टरांची साक्ष मोलाची. उत्पन्नाचा पुरावा रोखीने मजुरी घेणाऱ्याकडे क्वचितच असतो. मग न्यायाधिकरणास ते अंदाजानेच ठरवावे लागते. मजुरी खात्यात जमा होत असल्यास साधे पासबुकही येथे साक्षीदार ठरते!

अपघात कामावर असताना घडला असल्यास मालकाकडून कामगार नुकसानभरपाई मागण्याचा मार्गही खुला असतो. मात्र मोटार वाहन अधिनियम, 1988 च्या कलम 167 अन्वये दोहोंपैकी एकच निवडावा लागतो. निष्काळजीपणा जखमी चालकाचा स्वतःचाच असेल, तर मालकाविरुद्धचा मार्गच सामान्यतः सोयीचा.