पटकथा लिहू पाहणाऱ्या पुतण्यास

शिवाजी पेठ, कोल्हापूर

चि. सोन्या,

पटकथा शिकायला पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये निघालास, ऐकून ऊर भरून आला. ती जागा परकी मानू नकोस. १९२९ साली आपल्या कोल्हापुरात निघालेली ‘प्रभात’ फिल्म कंपनी १९३३ मध्ये पुण्याला गेली, त्याच आवारात ही संस्था आहे.

पटकथेवरून विली हास आठवला; हे नाव तू ऐकलं नसशील. प्रागचा, जर्मनमध्ये लिहिणारा. दिग्दर्शक पाब्स्टच्या १९२५ च्या ‘जॉयलेस स्ट्रीट’ची पटकथा त्याची, ग्रेटा गार्बो त्यात होती. नाझींमुळे देश सोडावा लागला आणि १९३९ मध्ये तो भारतात आला. मुंबईत चित्रपट काढणाऱ्या मोहन भवनानींसाठी पटकथा लिहू लागला. पात्रं जी भाषा बोलणार ती त्याची नव्हती, तरी त्याला काम मिळालं. प्रसंगामागून प्रसंग कसा रचायचा हे त्याला येत होतं. ही विद्या कुठल्याही मुलखात चालते. ती इन्स्टिट्यूटमध्ये शिकशील. मन लावून शीक.

पण तेवढ्यानं भागत नाही. ‘पिंजरा’ तू पाहिलास. त्याचं मूळ ‘ब्लू एंजल’ हा १९३० चा जर्मन चित्रपट, आणि त्याचंही मूळ हाइन्रिख मानची १९०५ ची कादंबरी. त्या चित्रपटातला प्राध्यापक गाणारणीपायी विदूषक होतो आणि शेवटी आपल्या जुन्या वर्गात येऊन मरतो. १९७२ च्या ‘पिंजरा’तले गुरुजी तमाशाच्या फडात येतात, इथवर कथा तीच. पुढचं मात्र आपलं आहे. गुरुजी मेले असं समजून गाव त्यांचा पुतळा उभारतं आणि त्यांच्यावर स्वतःच्याच खुनाचा आळ येतो. गावाची श्रद्धा मोडू नये म्हणून ते गप्प राहतात. मूळ चित्रपटापेक्षा मला हा शेवट मोठा वाटतो. त्यात संवाद शंकर पाटलांचे. आपल्या जिल्ह्यातला हा माणूस गावची बोली ऐकत वाढलेला, म्हणून त्याची पात्रं पुस्तकातलं बोलत नाहीत.

तेव्हा तू पुण्याला जाऊन आपली बोली विसरू नकोस. तालमीच्या कट्ट्यावर, खरी कॉर्नरला, फुटबॉलच्या सामन्याला बसलास तर नुसता बोलू नकोस, ऐक. पैलवान कसा अडखळतो, भाजीवाली मावशी दर सांगताना वाक्य कुठं तोडते. दिग्दर्शक भालजी पेंढारकरांनी ‘साधी माणसं’ या चित्रपटात लोहाराचा संसार मांडला, तो लोहारकी डोळ्यांपुढं असल्याशिवाय जमला नसता. तुझ्या लिखाणातली सगळी माणसं तुझ्यासारखीच बोलायला लागली, की कागद फाडून टाक.

व्यवहाराचंही सांगतो. लेखकाचं नाव जाहिरातीत बारीक येतं, त्याचं वाईट वाटून घेऊ नकोस. पण कथा कुणाला ऐकवण्याआधी स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे तिची नोंद कर, आणि करार झाल्याशिवाय पुढचा खर्डा हातात देऊ नकोस.

सुट्टीला येण्याआधी ‘ब्लू एंजल’ आणि ‘पिंजरा’ पाठोपाठ बघ, दोन्हींतले प्रसंग वहीत ओळीनं उतरव. ती वही घेऊनच ये.

तुझा काका