न्यायालयात मुलाच्या बाजूने कोण बोलते?

बालमित्रांनो, ‘पालक’ हा शब्द तुम्हांला ठाऊक आहे. (भाजीतला पालक नव्हे!) जो पालन करतो तो पालक. आपण राहतो त्या अमेरिकेत काही मुलांना न्यायालयाकडून आणखी एक पालक मिळतो, पण तो फक्त खटला चालू असेपर्यंत. आज त्याची ओळख करून घेऊ.

घरात मुलाला मारहाण होत असेल, किंवा त्याच्या जेवणाची, औषधपाण्याची आबाळ होत असेल, तर सरकारी खाते ते प्रकरण न्यायाधीशांपुढे नेते. गरज पडल्यास मूल काही काळ नातेवाइकांकडे किंवा फॉस्टर घरी राहते. खात्याची बाजू त्याचा वकील मांडतो, आईवडिलांची बाजू त्यांचा वकील मांडतो. मग मुलाची बाजू कोणी मांडायची?

१९७४ साली अमेरिकेच्या संसदेने कायदा केला. केंद्राचे अनुदान हवे असेल, तर राज्याने अशा प्रत्येक मुलासाठी ‘गार्डियन ॲड लायटम’ नेमावा, असे त्यात आहे. गार्डियन म्हणजे पालक. पुढचे दोन शब्द लॅटिन आहेत. त्यांचा अर्थ ‘खटल्यापुरता’.

सिॲटलचे न्यायाधीश डेव्हिड सूकप यांना मुलांचे भवितव्य ठरवताना हाती असलेली माहिती अपुरी वाटे. म्हणून १९७७ साली त्यांनी साध्या नागरिकांना शिकवून हे काम सोपवायला सुरुवात केली. पुढे ही कल्पना देशभर पसरली. या स्वयंसेवकांना ‘कासा’ म्हणतात. ते आधी निदान ३० तास शिक्षण घेतात. मग मुलाला भेटतात, शिक्षकांशी, डॉक्टरांशी, आईवडिलांशी बोलतात आणि न्यायाधीशांना अहवाल देतात. निकाल मात्र न्यायाधीशच देतात.

आता एक उदाहरण पाहू. समजा, नऊ वर्षांची एक मुलगी म्हणते, “मला आजच घरी जायचंय.” पण घर अजून सुरक्षित नाही. मुलीला स्वतःचा वकील असेल, तर तिचे म्हणणे जसेच्या तसे मांडणे हे बहुधा त्याचे काम असते. खटल्यापुरता पालक तिची इच्छा सांगतोच, पण तिच्या हिताचे काय तेही सांगतो : “आज नको. तोवर तिला धाकट्या भावाबरोबर ठेवा, शाळा बदलू नका.” इच्छा आणि हित, दोन्ही न्यायाधीशांच्या कानी पडले पाहिजे. नाहीतर मुलाविषयी सगळे बोलतात, आणि मुलाचे मात्र कोणी ऐकत नाही. राज्याराज्यांत नियम वेगळे आहेत. काही ठिकाणी ही दोन्ही कामे एकच वकील करतो.

पालकांसाठी : मूल घराबाहेर ठेवले गेले, तर ३० दिवसांत त्याच्या आजी-आजोबांना व इतर सज्ञान नातेवाइकांना शोधून कळवण्याचा प्रयत्न खात्याने करावा, असा कायदा २००८ साली झाला. ओळखीच्या कुटुंबावर असा प्रसंग आला, तर लाजेपोटी गप्प बसू देऊ नका. काका, मावशी, आत्या यांची नावे खात्याला लगेच द्यायला सांगा.

शब्दार्थ
आबाळ – हेळसांड
हित – भले, कल्याण
सज्ञान – कायद्याने मोठे झालेले
स्वयंसेवक – पगार न घेता काम करणारा

स्वाध्याय
१. ‘इच्छा’ आणि ‘हित’ यांतला फरक स्वतःच्या उदाहरणाने सांगा.
२. खटल्यापुरता पालक कोणाकोणाशी बोलतो?
३. तुमच्याविषयी न्यायाधीशांना सांगायचे असेल, तर तुम्हांला नीट ओळखणारे कोण? पाच वाक्ये लिहा.