ठशाला भिऊ नकोस

चि. भाचेबुवांस,


मालिकेत कारखान्याच्या चेअरमनच्या पीएचं काम चालून आलंय, आणि ते घ्यावं की नाही यावर तुझा आठवडाभर खल चाललाय, असं ताई सांगत होती. ‘एकदा पीए झालो की जन्मभर पीएच,’ ही तुझी धास्ती. माझं मत विचारशील तर काम घे.

चरित्र अभिनेत्याला बोलावणं येतं ते ठशावरच. शूटिंग उद्यावर आलेलं असतं, तेव्हा कास्टिंगवाला ‘हे काम कोण हमखास करील’ एवढंच बघतो. त्या घडीला तुझं नाव आठवलं, तर ती तुझी मिळकत समज. ठसा बसल्यावर त्याच्या आत तू काय करतोस, काळजी त्याची कर.

निळूभाऊ फुल्यांचंच बघ. सेवा दलाच्या कलापथकातून आलेला, पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेला माणूस. १९६८ साली ‘एक गाव बारा भानगडी’तला झेलेअण्णा गाजला आणि पुढं बेरकी पुढारी, पाटील, सरपंच यांची रांगच लागली. गावोगावच्या बायका त्यांना बघून बोटं मोडायच्या, असं सांगतात. ठसा यापेक्षा घट्ट कुणाचा असणार? तरी ‘सामना’तला हिंदूराव पाटील पुन्हा बघ. साखर कारखान्याचा मालक शोभणारा माणूस, पण डॉ. लागूंच्या दारुड्या मास्तरबद्दल त्याला ओढ वाटते आणि त्याच मास्तरच्या एका प्रश्नानं तो आतून पोखरत जातो. खलनायकाला भीती वाटते, हे त्यांनी दाखवलं. आणि १९७९ च्या ‘सिंहासन’मध्ये ‘सामना’च्याच दिग्दर्शकानं, जब्बार पटेलांनी, आणि ‘सामना’ लिहिणाऱ्या तेंडुलकरांच्याच पटकथेत, त्यांना दिगू टिपणीस हा पत्रकार दिला. मंत्री बोलतात, दिगू बहुतेक वेळ ऐकतो. संवाद नसताना ते काय करतात, ते आवाज बंद करून बघ. तुझा अर्धा अभ्यास तिथंच होईल.

म्हणून तुझा पीए उभा करताना आधी ठरव, की याला साहेबाविषयी मनातून काय वाटतं. राग, कौतुक, की घरचा हप्ता भरायचाय म्हणून नुसता धीर? हे लेखक लिहून देणार नाही. रोजच्या मालिकेत सीनचे कागद पुष्कळदा सेटवरच हातात पडतात, त्यामुळं ही तयारी घरून करून जा. दुसऱ्याचा क्लोज लागलेला असताना कॅमेऱ्याबाहेरून क्यू द्यावा लागेल. तो मोबाइलकडं बघत देऊ नकोस. समोरच्याचं काम चांगलं झालं की सीन टिकतो, आणि सीन टिकला तर तूही टिकतोस.

आता पैशाचं. मालिकेत मानधन दिवसावर ठरतं आणि बहुतेक ठिकाणी हातात पडायला तीनेक महिने लागतात. शिवाय टीआरपी घसरला की पहिली कात्री तुझ्यासारख्यांच्या ट्रॅकला लागते. साहेब राहतो, पीएची बदली होते. तेव्हा पहिल्या चेकवर गाडीचं कर्ज काढू नकोस. किती दिवसांची हमी आहे, ते करारात लिहून घे, आणि नाटकाच्या तारखा आधीच सांगून ठेव. निळूभाऊंनी १९७२ मध्ये ‘सखाराम बाइंडर’ केलं ते रंगमंचावर. पडदा एकच बाजू मागत असेल, तर बाकीच्या बाजू गंजू नयेत म्हणून नाटक लागतं. मालिकेपायी ते सोडलंस, तर मात्र तुझी धास्ती खरी ठरेल.

आणि वयाची घाई नको. ए. के. हंगल तरुणपणी शिंपीकाम करत. हिंदी सिनेमात आले ते पन्नाशीच्या आसपास. ‘शोले’त त्यांचे सीन मोजकेच, तरी इमामसाहेब कुणी विसरलेलं नाही. नायकाला पिकलेले केस लपवावे लागतात, आपल्याला त्यांवर काम मिळतं.

करारावर सही करण्याआधी कागद मला दाखव. आणि पहिला भाग कधी लागणार ते ताईला वेळेवर कळव, नाहीतर तिची बोलणी मला खावी लागतील.

तुझा,
मामा