टिकून राहण्याचे धैर्य



धैर्य म्हटले की आपल्याला तलवार आणि रणांगण आठवते. पण तेराव्या शतकात संत थॉमस अक्वायनस यांनी वेगळा विचार मांडला. त्यांच्या मते धैर्याचे मुख्य कार्य हल्ला करणे हे नसून संकटात ठाम उभे राहणे हे आहे. हल्ला क्षणाच्या आवेशात होऊन जातो. टिकून राहणाऱ्याला मात्र संकट रोज समोर दिसत असते.

याचे उदाहरण 'सीड मदर' या जेमतेम तीन मिनिटांच्या माहितीपटात आहे. अच्युतानंद द्विवेदी यांच्या या माहितीपटाला २०१९ मध्ये कान महोत्सवात नेस्प्रेसो टॅलेंट्स स्पर्धेचे तिसरे पारितोषिक मिळाले. त्यात दिसतात अकोले तालुक्यातील कोंभाळणे गावच्या राहीबाई पोपेरे. त्या महादेव कोळी समाजाच्या असून कधी शाळेत गेल्या नाहीत. फवारणीच्या भाज्या खाऊन नातू आजारी पडतो असे त्यांना वाटले आणि त्या गावरान बियाणे जमवू लागल्या.

यात धैर्य कसले? बी मडक्यात ठेवून दिले की काम संपत नाही. जुने होत गेले की त्याची उगवणशक्ती कमी होते. म्हणून ते पुन्हा पेरायचे, निवडायचे, वाळवायचे, राखेत जपायचे. असे वर्षानुवर्षे करायचे. २०१८ मध्ये बीबीसीच्या शंभर महिलांच्या यादीत नाव आले, २०२० मध्ये पद्मश्री जाहीर झाली. पण त्याआधीची कितीतरी वर्षे त्यांच्याजवळ फक्त काम होते.

आपल्यापैकी अनेकांचे नातलग विदर्भात शेती करतात. संकरित कपाशीचे घरचे बी पुढच्या वर्षी तसेच पीक देत नाही. म्हणून दर हंगामाला नवी पाकिटे घ्यावी लागतात आणि अनेकदा कर्जाची सुरुवात तिथेच होते. गावरान बी हा सर्व अडचणींवरचा उपाय नाही. तरीही पावसाचा भरवसा नसताना पुन्हा पेरणी करणारा आपला भाऊ त्याच धैर्याने जगत असतो. तो खचला, तर त्याला भित्रा म्हणू नये. टिकून राहायलाही सोबत लागते.

घरी चर्चेसाठी :
१. आपल्या घरात न बोलता टिकून राहिलेले कोण आहे?
२. या आठवड्यात गावाकडच्या कोणाला फोन करून आपण फक्त त्याचे ऐकून घेऊ?